मारहाण झाल्यावर न्याय मागायचा तर: दवाखान्याच्या केस पेपरपासून निकालाच्या नकलेपर्यंत

तालुका कोर्टाच्या व्हरांड्यात, जेवणाच्या सुट्टीत, घडी घातलेला एनसीचा (अदखलपात्र गुन्ह्याच्या नोंदीचा) कागद घेऊन कुणीतरी येतंच. गेल्या पावसाळ्यात आलेल्या एका शेतकऱ्याचा कागद आठ महिन्यांचा होता. बांधावरून भांडण, चुलत भावाने फावड्याच्या दांड्याने मारलेलं, डाव्या हाताचं हाड मोडलेलं. "केस चालू आहे ना, साहेब?" त्याने विचारलं. केस सुरूच झाली नव्हती. एक्स-रे तिसऱ्या दिवशी खासगी दवाखान्यात निघाला, फिल्म घरी कपाटावर गेली आणि पोलिसांच्या कागदावर 'किरकोळ दुखापत' तशीच राहिली. मोडलेलं हाड कायद्याने गंभीर दुखापत असते. ती फिल्म वेळेत ठाण्यात पोचती तर गुन्हा दखलपात्र, म्हणजे मॅजिस्ट्रेटच्या आदेशाशिवाय पोलीस तपास करू शकतील असा, ठरला असता.

अशी माणसं इतकी भेटली की आता क्रमवार लिहूनच काढतो. हे प्रामुख्याने मारहाणीच्या प्रकरणांसाठी आहे. लैंगिक अत्याचार, बालकांवरचे गुन्हे आणि ॲट्रॉसिटी यांचे काही नियम वेगळे आहेत, ते त्या त्या ठिकाणी सांगतो. कलमं १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या नव्या संहितांची दिली आहेत. घटना त्याआधीची असेल तर शिक्षेची कलमं जुनीच लागतील.

## टप्पा १: आधी दवाखाना

लोक रक्ताळलेल्या अवस्थेत थेट ठाण्यात जातात, तिथे दोन-तीन तास बसतात आणि मग 'यादी' (तपासणीसाठी पोलिसांनी दवाखान्याला दिलेलं पत्र) घेऊन दवाखान्यात येतात. ११२ ला फोन करून घटना कळवा, गाडी हवी असेल तर १०८, आणि आधी उपचार घ्या. पोलिसांची यादी नाही म्हणून उपचार थांबवता येत नाहीत. सुप्रीम कोर्टाने परमानंद कटारा खटल्यात १९८९ सालीच हे स्पष्ट केलं आहे.

शक्य असेल तर ग्रामीण किंवा उपजिल्हा रुग्णालय गाठा. खासगी दवाखान्यात गेलात तर "ही मारहाणीची केस आहे, एमएलसी करा", म्हणजे पोलीस केस म्हणून वैद्यकीय नोंद करा, असं स्पष्ट सांगा.

आता सगळ्यात महत्त्वाची ओळ. डॉक्टर केस पेपरवर 'हिस्टरी' लिहितात, म्हणजे तुम्ही सांगता ते. लाजेपोटी किंवा घरचाच माणूस आहे म्हणून "पाय घसरून पडलो" असं सांगितलंत, तर दोन वर्षांनी उलटतपासात बचावाचा वकील नेमका तोच कागद वर काढणार. थोडक्यात पण पूर्ण सांगा: कुणी, कशाने, कुठे आणि किती वाजता मारलं. बेशुद्ध माणसाला आणलं असेल तर हिस्टरी आणणारा सांगतो, म्हणून सोबत जाणाऱ्यालाही हे माहीत असू द्या.

दुखत असलेली प्रत्येक जागा दाखवा. भारतीय न्याय संहितेच्या कलम ११६ मध्ये गंभीर दुखापतीचे आठ प्रकार आहेत. त्यात हाड किंवा दात मोडणं किंवा निखळणं आहे, डोळा-कान कायमचा जाणं आहे, चेहरा कायमचा विद्रूप होणं आहे, आणि १५ दिवस रोजचं कामकाज करता न येणं किंवा तितके दिवस तीव्र वेदना होणंही आहे. हा शेवटचा प्रकार लोकांना ठाऊकच नसतो. कामावर जाता येत नसेल तर फेरतपासणीला जा आणि तसं केस पेपरवर लिहून घ्या. पंधरा दिवस घरात झोपून काढलेत आणि कागदावर काहीच नसेल तर ते दिवस मोजायचे कशावरून?

तपासा: केस पेपरची प्रत, एमएलसी क्रमांक, एक्स-रे फिल्म (नुसता रिपोर्ट चालणार नाही), औषधांची बिलं. घरी जाताना हे चारही हातात हवेत.

सावध: अंगावरचे कपडे धुऊ नका. आमच्याकडे आई किंवा बायको त्याच रात्री शर्ट पाण्यात टाकते, रक्त बघवत नाही म्हणून. सावलीत वाळवून कागदी पिशवीत ठेवा. प्लॅस्टिकमध्ये ओलसरपणा राहतो आणि डाग कुजतात.

## टप्पा २: पुसला जाणारा पुरावा आधी वाचवा

दुकानांच्या आणि सोसायटीच्या सीसीटीव्हीवर जुनं चित्रण आपोआप पुसलं जातं. कुठे आठवड्यात, कुठे महिन्यात. त्यामुळे दुसऱ्याच दिवशी दुकानदाराला भेटा आणि अमुक वेळेचं चित्रण जपून ठेवा असा साधा अर्ज द्या. त्याची प्रत तपासी अंमलदारालाही द्या. दुकानदार घाबरून नाही म्हणाला तरी अर्ज गेलेला असणं कामी येतं.

मोबाइलवर कुणी व्हिडिओ काढला असेल तर मूळ फाइल त्या फोनमध्येच राहू द्या. व्हॉट्सॲपवरून आलेली प्रत दाबलेली असते, मूळ तपशील त्यात उरत नाहीत. असा पुरावा कोर्टात देताना भारतीय साक्ष अधिनियमाच्या कलम ६३ चं प्रमाणपत्र लागतं. त्याचा एक भाग उपकरण ज्याच्या ताब्यात आहे त्याने भरायचा आणि दुसरा तज्ज्ञाने. फोन विकला, फॉरमॅट केला, पोराला दिला, की हे सगळं अवघड होतं.

जखमांचे फोटो त्याच दिवशी काढा आणि दोन-तीन दिवसांनी पुन्हा काढा. मुका मार आधी लालसर दिसतो, मग काळानिळा उमटतो. एका फोटोत चेहरा आणि जखम एकत्र यावी, दुसरा जवळून, शेजारी पट्टी ठेवून.

साक्षीदारांची यादी करताना नावापुढे तो कुठे उभा होता आणि त्याने काय पाहिलं ते लिहा. "सगळ्या गावाने बघितलं" ही साक्ष नव्हे.

आणि फेसबुकवर काहीही टाकू नका. रागात लिहिलेल्या दोन ओळी पुढे तुमच्याच विरोधात वाचून दाखवल्या जातात.

## टप्पा ३: फिर्याद घरी लिहून काढा

ठाण्यात तुम्ही बोलणार आणि हवालदार टाइप करणार. त्याची भाषा ठरलेली असते: 'लाथाबुक्क्यांनी मारहाण करून शिवीगाळ, दमदाटी केली.' या एका वाक्यात तुमचं मोडलेलं हाड हरवतं. म्हणून कच्चा मसुदा सोबत न्या.

असा मसुदा मी नेहमी पाहतो:

"आरोपी व त्याच्या घरच्या सर्वांनी मला जीव जाईपर्यंत मारले. त्यांचा पूर्वीपासून आमच्यावर डोळा आहे. ते गुंड प्रवृत्तीचे आहेत."

यातून तपास करणाऱ्याला काय कळलं? तेच असं लिहा:

"दि. १२ रोजी सकाळी साडेसातच्या सुमारास मी गटाच्या पूर्वेकडील बांधावर गवत कापत होतो. माझा चुलत भाऊ व त्याचा मोठा मुलगा तेथे आले. बांध कोरल्यावरून बोलाचाली झाली. चुलत भावाने कुऱ्हाडीच्या तुंब्याने माझ्या डाव्या हातावर कोपराखाली एकदा मारले. मुलाने मला मागून धरले होते. शेजारच्या रानात पाणी देत असलेला माणूस ओरडत आला, तेव्हा ते निघून गेले. जाताना 'पुन्हा बांधावर दिसलास तर तोडीन' असे म्हणाले."

कुऱ्हाडीचा तुंबा की धार, काठी की लोखंडी पाइप, वार किती, कोणत्या अंगावर, धरणारा कोण, मारणारा कोण: कलम यावरून ठरतं. धमकीचे शब्द जसेच्या तसे लिहा, शिवीसुद्धा.

उशीर झाला असेल तर कारण त्यातच लिहा. "दवाखान्यात दाखल होतो" हे पुरेसं आणि प्रामाणिक कारण आहे. झटापटीत तुमचाही हात उठला असेल तर तेही लपवू नका. समोरचा बहुतेक वेळा क्रॉस केस, म्हणजे तुमच्यावर उलट फिर्याद, करतोच, त्याच्या अंगावर खूण निघते आणि मग तुमच्या संपूर्ण फिर्यादीवर शंका येते.

सावध: हजर नसलेल्या माणसाचं नाव घालू नका. 'घरातले सगळे अडकले की वठणीवर येतील' हा सल्ला पारावर फुकट मिळतो आणि कोर्टात फार महाग पडतो. सातपैकी एकजण त्या दिवशी पुण्यात कामावर होता हे हजेरीपत्रकावरून सिद्ध झालं, की खऱ्या दोघांनाही त्याचा फायदा मिळतो. मी स्वतः अशा केसेस हरलो आहे.

## टप्पा ४: पोलीस ठाणे, आणि एनसी की एफआयआर

हद्द कुणाची हा वाद तुमचा नाही. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या (पुढे येणारी १७४, १७५, १८३, ३५, ३९६ आणि ४१३ ही कलमंही याच संहितेची) कलम १७३ प्रमाणे कोणत्याही ठाण्यात 'झिरो' क्रमांकाने गुन्हा नोंदवता येतो आणि मग तो हद्दीच्या ठाण्याकडे जातो. ऑनलाइन माहिती दिलीत तर तीन दिवसांत जाऊन सही करावी लागते. लैंगिक गुन्ह्यात पीडित स्त्रीची माहिती महिला अधिकाऱ्यानेच नोंदवायची असते.

खरी गोम पुढे आहे. साधी दुखापत म्हणजे न्याय संहितेचं कलम ११५(२), हे अदखलपात्र. यात पोलीस नोंद करतात, कागद देतात आणि थांबतात. मॅजिस्ट्रेटच्या आदेशाशिवाय त्यांना तपास करता येत नाही. गंभीर दुखापत म्हणजे ११७(२), धोकादायक हत्याराने दुखापत म्हणजे ११८. ही कलमं दखलपात्र, यात एफआयआर झालाच पाहिजे. सुप्रीम कोर्टाच्या २०१३ च्या ललिता कुमारी निकालाने दखलपात्र गुन्हा दिसत असेल तर नोंद बंधनकारक केली आहे. नव्या संहितेत एक फट ठेवली आहे: शिक्षा ३ वर्षं किंवा जास्त पण ७ वर्षांपेक्षा कमी असेल, तर उपअधीक्षकांच्या परवानगीने १४ दिवसांत प्राथमिक चौकशी करता येते. हाड मोडल्याच्या ११७(२) ला सात वर्षांपर्यंत शिक्षा आहे, म्हणजे तो त्या फटीत बसत नाही. "चौकशी करून बघू" असं सांगितलं गेलं तर हे नम्रपणे लक्षात आणून द्या. ॲट्रॉसिटीत तर नोंदीआधी प्राथमिक चौकशीची गरजच नाही आणि तपास उपअधीक्षक दर्जाच्या अधिकाऱ्याकडे असतो.

घटनेत अनेक गुन्हे असतील आणि त्यातला एक जरी दखलपात्र असेल, तर सगळं प्रकरण दखलपात्र धरलं जातं. म्हणून शिवीगाळ-दमदाटीच्या गर्दीत हत्यार विसरू नका.

सही करण्यापूर्वी वाचा. वाचता येत नसेल तर वाचून दाखवायला सांगा. "नंतर दुरुस्त करू" याला काही अर्थ नाही. एफआयआरची प्रत फिर्यादीला मोफत मिळते, ती घेतल्याशिवाय उठू नका.

एनसी झालीच असेल तर दोन वाटा आहेत. एक्स-रेत हाड मोडल्याचं नंतर दिसलं तर फिल्मची प्रत जोडून 'पुरवणी जबाब नोंदवावा व कलमवाढ करावी' असा अर्ज ठाण्यात द्या आणि आवक शिक्क्याची पोच घ्या. नाहीतर कलम १७४ खाली मॅजिस्ट्रेटकडून तपासाचा आदेश मागा. ११५(२) ला जास्तीत जास्त एक वर्ष शिक्षा असल्यामुळे कोर्टाने दखल घेण्याची मुदतही एकच वर्ष आहे. त्या शेतकऱ्याच्या हातात चार महिने उरले होते. आम्ही फिल्म जोडून दुसऱ्याच दिवशी अर्ज टाकला.

तपासा: तुमच्या कागदावर 'एनसी' लिहिलंय की 'गु.र.नं.' (गुन्हा रजिस्टर नंबर, म्हणजे एफआयआर)? तारीख, वेळ, हत्यार आणि दोन्ही नावं बरोबर आहेत ना?

## टप्पा ५: नोंदच घेतली नाही तर

इथे लोक मुख्यमंत्र्यांना, मानवी हक्क आयोगाला, पालकमंत्र्यांना एकदम दहा ठिकाणी अर्ज पाठवतात. ते सगळे अर्ज फिरून त्याच ठाण्यात येतात. कायद्याचा जिना तीन पायऱ्यांचा आहे.

पहिली, पोलीस निरीक्षकांना लेखी अर्ज, पोच घेऊन. पोच देत नसतील तर स्पीड पोस्टाने. दुसरी, कलम १७३(४) प्रमाणे पोलीस अधीक्षकांना टपालाने, आयुक्तालय असेल तर उपायुक्तांना. पावती आणि पोचल्याचा पुरावा जपा. तिसरी, मॅजिस्ट्रेटकडे कलम १७५(३) चा अर्ज, सोबत प्रतिज्ञापत्र. मधली पायरी गाळलीत तर अर्ज तिथेच अडतो.

वकील परवडत नसेल तर तालुका विधी सेवा समितीत जा किंवा १५१०० वर फोन करा. स्त्रिया, मुलं, अनुसूचित जाती-जमातीच्या आणि दिव्यांग व्यक्तींना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो.

## टप्पा ६: तपास चालू असताना

घटनास्थळ पंचनाम्याला स्वतः हजर राहा. जागा तुम्ही दाखवता, म्हणून चुकली तर तुमच्या नावावर चुकते. बांध, झाड, विहीर यांच्यापासून अंतर बरोबर लिहिलं गेलंय का पाहा. कपडे पंचांसमक्ष जप्त करून द्या.

पोलिसांनी घेतलेल्या साक्षीदाराच्या जबाबावर सही घ्यायची नसते. फिर्यादीवर सही असते, जबाबावर नाही. स्त्रिया, १५ वर्षांखालची मुलं, ६० वर्षांवरची माणसं आणि आजारी किंवा दिव्यांग व्यक्ती यांचा जबाब त्यांच्या घरी येऊन घ्यावा लागतो. एखादा साक्षीदार फिरेल अशी भीती असेल तर त्याचा जबाब कलम १८३ खाली मॅजिस्ट्रेटसमोर नोंदवावा, असा अर्ज तपासी अंमलदाराला द्या.

"आरोपी मोकळा फिरतोय" ही सगळ्यात मोठी तक्रार असते. सात वर्षांपर्यंतच्या शिक्षेच्या गुन्ह्यात अटक आपोआप होत नाही, बऱ्याचदा कलम ३५(३) ची नोटीस देऊन बोलावतात. नोटीस दिली म्हणजे केस दाबली असं नाही. पण त्याने धमकावलं तर प्रत्येक वेळी वेगळी लेखी तक्रार द्या, तारीख-वेळ टाकून. जामीन रद्द करायला त्याच उपयोगी पडतात. धोका गंभीर असेल तर २०१८ च्या साक्षीदार संरक्षण योजनेखाली जिल्ह्याच्या समितीकडे अर्ज करता येतो. तिचे अध्यक्ष जिल्हा न्यायाधीश असतात.

तपासाची प्रगती ९० दिवसांत फिर्यादीला कळवणं पोलिसांवर बंधनकारक आहे. नव्वदाव्या दिवशी कळलं नसेल तर एक पानाचा अर्ज द्या.

आणि मग येतात मिटवायला. भावकी, सरपंच, कधी तुमचाच मामा. मिटवणं पाप नाही. शेजारी राहायचं असतं, पोरींची लग्नं असतात, मी स्वतः काही प्रकरणं मिटवून दिली आहेत. पण मिटवायचं तर कोर्टात. ११५(२) मध्ये तडजोड तुमच्या संमतीने होते, ११७(२) मध्ये कोर्टाची परवानगी लागते.

सावध: कोऱ्या स्टॅम्पपेपरवर सही नाही. 'माझी काही तक्रार नाही' असं लिहून देऊन दवाखान्याचा खर्च मागायला जाऊ नका, मग तोही मिळत नाही.

## टप्पा ७: दोषारोपपत्र की समरी

तपास संपला की एक तर दोषारोपपत्र जातं, नाहीतर समरी, म्हणजे तपास बंद करण्याचा अहवाल. महाराष्ट्रात 'अ' समरी म्हणजे गुन्हा खरा पण आरोपी सापडला नाही, 'ब' म्हणजे फिर्याद खोटी, 'क' म्हणजे गैरसमजातून झालेली किंवा दिवाणी स्वरूपाची. समरी मान्य करण्यापूर्वी कोर्टाने फिर्यादीला नोटीस काढायची असते. ती नोटीस आली की लोक "समन्स आलं" म्हणून घाबरून घरी बसतात आणि समरी मंजूर होते. त्या तारखेला हजर राहा, विरोध अर्ज द्या, आणि कोणता साक्षीदार तपासला नाही, कोणता कागद घेतला नाही, ते मुद्देसूद लिहा.

दोषारोपपत्र गेलं असेल तर वकिलामार्फत त्याची प्रत मागा. वकील असलेल्या पीडिताला ती मिळण्याची तरतूद आहे. एक्स-रे तज्ज्ञाचं नाव साक्षीदारांच्या यादीत आहे का, हे आधी बघा.

## टप्पा ८: भरपाई

यासाठी निकालाची वाट पाहू नका. कलम ३९६ खाली जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करता येतो, आरोपी सापडला नसेल तरीही. बलात्कार आणि ॲसिड हल्ल्यासाठी मनोधैर्य योजना आहे. ॲट्रॉसिटीत ठरलेल्या मदतीचा हप्ता सुरुवातीच्या टप्प्यावरच मिळू शकतो, त्यासाठी जातीचा दाखला तयार ठेवा. दवाखान्याची बिलं आणि बुडालेली मजुरी दाखवणारे कागद इथे लागतात.

## टप्पा ९: साक्षीचा दिवस

खटला सरकारचा असतो आणि तुम्ही साक्षीदार. स्वतःचा वकील सरकारी वकिलाच्या मदतीला देता येतो, पण उभा राहून प्रश्न विचारणार सरकारी वकीलच. तारखेच्या आधी त्यांना भेटा, फिर्याद वाचून घ्या. दोन-तीन वर्षांत किती वाजता काय झालं ते कुणालाच धड आठवत नाही.

उलटतपासात आठवत नसेल तर "आठवत नाही" म्हणा. अंतर, वेळ, वारांची संख्या यांत छातीठोक बोलू नका. फिर्यादीत एक वार आणि पिंजऱ्यात तीन, असं झालं की पुढचा अर्धा तास त्याच्यावरच जातो. "जमिनीचा वाद आहे म्हणून खोटी केस केली" असं बचावाचा वकील म्हणणारच. "वाद आहे, पण मारलं हे खरं आहे" एवढंच उत्तर द्या, चिडू नका.

मुद्देमाल दाखवतात तेव्हा पाकीट फोडून शर्ट समोर धरतात. हा तुमचाच का, असं विचारतात. वाळून कडक झालेला, गंजल्या रंगाचा तो कपडा बघून एक पैलवान गडी माझ्यासमोर पिंजऱ्यात रडला होता. पाणी मागून घ्या, कोर्ट थांबतं.

निकाल लागला की त्याच दिवशी नकलेचा अर्ज टाका. आरोपी सुटला, कमी गंभीर गुन्ह्यात शिक्षा झाली किंवा भरपाई अपुरी वाटली, तर कलम ४१३ खाली पीडिताला स्वतः अपील करता येतं. नक्कल तयार व्हायला लागलेले दिवस अपिलाच्या मुदतीतून वजा होतात, पण अर्ज टाकायला तुम्ही घालवलेले दिवस वजा होत नाहीत.